राज्याभिषेकाची नोंद आणि आधाराचा प्रश्न

कोशातील नोंद सर्वसामान्य वाचकाला प्रमाण वाटते. शिक्षक, व्याख्याते, जयंतीच्या सभांतील वक्ते तेथूनच विधाने उचलतात व पुढे ती सर्वमान्य होतात. म्हणून कोशातील आधारांची चिकित्सा ही केवळ पंडितांची बाब राहत नाही. राज्याभिषेकाच्या विषयात तर ती अधिकच अगत्याची आहे. कारण राजाला राजेपण कोणी दिले, याचे उत्तर आपण कोणते साधन स्वीकारतो यावर अवलंबून असते.

तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या प्रमुख संपादकत्वाखाली वाई येथे सिद्ध झालेल्या मराठी विश्वकोशाचे मराठी वाचकांवर मोठे ऋण आहे. तथापि त्याच्या मुद्रित खंडांतील एक रीत आम्हांस अपुरी वाटते. नोंदीच्या अखेरीस ‘संदर्भ’ म्हणून ग्रंथांची नावे येतात. परंतु कोणते विधान कोणत्या ग्रंथातील व कोणत्या पृष्ठावरील, हे समजत नाही. राज्याभिषेकाच्या नोंदीस एवढी यादी का पुरत नाही, हे तीन उदाहरणांवरून पाहू.

सम्राट अशोकाने आपल्या लेखांतील वर्षे अभिषेकापासून मोजली आहेत. कलिंगविजय आठ वर्षांनी, संबोधीची यात्रा दहा वर्षांनी, लुंबिनीची भेट वीस वर्षांनी. परंतु अभिषेक कोणी व कोणत्या विधीने केला, याविषयी हे लेख मौन पाळतात. सत्ताप्राप्तीनंतर चार वर्षांनी अभिषेक झाला, हे विधान दीपवंस व महावंस या पाचशेहून अधिक वर्षांनंतरच्या सिंहली ग्रंथांचे आहे. इसवी सनाचे वर्ष हे तर तेराव्या शिलालेखातील पाच ग्रीक राजांच्या काळावरून काढलेले अनुमान. अशा स्थितीत ऐतरेय ब्राह्मणातील ऐंद्र महाभिषेकाचे वर्णन अशोकास लावणे म्हणजे साधनाला जे ठाऊक नाही ते त्याच्या तोंडी घालणे होय.

दुसरे उदाहरण ६ जून १६७४ रोजी रायगडावर झालेल्या शिवराज्याभिषेकाचे. गागाभट्टाची प्रयोगपोथी काय करावे ते सांगते. प्रत्यक्ष काय झाले याचा ती पुरावा नव्हे. इंग्रज वकील हेन्री ऑक्झेंडन त्या दिवशी दरबारात हजर होता. सभासदाने बखर लिहिली ती सुमारे वीस वर्षांनी, जिंजी येथे. निश्चलपुरीने २४ सप्टेंबर १६७४ रोजी केलेल्या तांत्रिक अभिषेकासाठी ‘शिवराज्याभिषेककल्पतरू’ पाहावा लागतो. बाबासाहेबांनी ‘हू वेअर द शूद्राज?’ (१९४६) या ग्रंथात याच राज्याभिषेकाची चर्चा उपनयनाच्या अधिकाराच्या अंगाने केली. ही पाचही नावे एका यादीत ओळीने मांडली, तर विधिग्रंथ, साक्ष, आठवण आणि मीमांसा यांतील भेदच पुसला जातो.

तिसरे उदाहरण आमच्या घरचे आहे. ज्या छत्रपतींनी आपल्या जन्मदात्या पित्याच्या, जयसिंगराव घाटगे यांच्या, नावे जयसिंगपूर वसविले, त्या राजर्षी शाहूंच्या २ एप्रिल १८९४ च्या समारंभास सरसकट ‘राज्याभिषेक’ म्हटले जाते. १७ मार्च १८८४ रोजी दत्तक आलेल्या महाराजांनी त्या दिवशी राज्यकारभाराची सूत्रे हाती घेतली. त्यास राज्यारोहण म्हणावे की अधिकारग्रहण, हे शिवाजी विद्यापीठाने प्रसिद्ध केलेल्या शाहू छत्रपतींच्या कागदपत्रांवरून ठरवावे. रूढ शब्दावरून नव्हे.

हीच कसोटी आपण स्वतःसही लावली पाहिजे. गागाभट्टाने डाव्या पायाच्या अंगठ्याने टिळा लावला, ही कथा आपल्या व्यासपीठांवरून आवेशाने सांगितली जाते. ती ऑक्झेंडनच्या रोजनिशीत नाही. सभासदाच्या बखरीतही नाही. रायगडावर क्षत्रियत्वाचा प्रश्न उपस्थित झाला व शिवरायांना आधी मौंजीबंधन करून घ्यावे लागले, एवढे सत्यच चातुर्वर्ण्याविरुद्ध पुरेसे बोलके आहे. निराधार कथेची जोड दिल्याने ते बळकट होत नाही. उलट प्रतिपक्षास सबंध युक्तिवाद झुगारण्याची सोय होते.

महापरिनिब्बान सुत्तात तथागतांनी चार महापदेश सांगितले. एखादे वचन प्रत्यक्ष बुद्धमुखातून, संघाकडून, बहुश्रुत थेरांकडून किंवा एका थेराकडून ऐकले असे कोणी सांगितले, तरी ते एकदम स्वीकारू नये वा धिक्कारू नये. सुत्त व विनय यांच्याशी ताडून पाहावे. सांगणारा कितीही थोर असो, पडताळणीतून त्याची सुटका नाही. कोशकारास याहून उत्तम नियम कोणता द्यावा?

तेव्हा आमचे म्हणणे थोडक्यात असे : प्रत्येक विधानाशेजारी त्याचा आधार पृष्ठासह द्यावा, साधन समकालीन की उत्तरकालीन, विधिग्रंथ की प्रत्यक्षदर्शीची नोंद, हे स्पष्ट करावे, आणि अनुमानास अनुमानच म्हणावे. एवढे केल्यास नोंद दोन पाने वाढेल, परंतु वाचकास कोशावर श्रद्धा ठेवावी लागणार नाही; तो स्वतः पडताळून पाहू शकेल.