‘सिन्क्रोमी’ : दिसणारा ध्वनी आणि दिग्दर्शकाची निवड

प्रायोगिक लघुपटांत संगीत आणि चित्र यांचे नाते बहुधा सोबतीचे असते. एक आधी तयार होते, दुसरे त्याला जुळवून घेते. कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळासाठी नॉर्मन मॅक्लॅरेन (१९१४-१९८७) यांनी केलेल्या ‘सिन्क्रोमी’ (१९७१) या सुमारे सात मिनिटांच्या लघुपटात मात्र जे ऐकू येते तेच दिसते.

हे कसे साधले, ते आधी पाहिले पाहिजे. फिल्मच्या कडेला असलेल्या ध्वनिपट्टीतून प्रकाश जातो, त्याच्या कमीजास्तपणाचे विजेच्या लहरींत रूपांतर होते आणि ध्वनिक्षेपकातून नाद उमटतो. मॅक्लॅरेन यांनी वाद्य वाजवून घेतलेच नाही. आडव्या रेघांच्या पट्ट्यांचे छायाचित्रण करून त्यांनी ध्वनिपट्टी तयार केली. रेघा बारीक आणि दाट असल्या की स्वर उंच, जाड आणि विरळ असल्या की खालचा. पट्टी रुंद केली की आवाज मोठा. नंतर याच रेघा त्यांनी पडद्यावर आणून रंगविल्या.

यावर एक आक्षेप संभवतो : हे केवळ यांत्रिक रूपांतर नव्हे काय? ‘डॉट्स’ (१९४०) मध्ये त्यांनी चित्र आणि ध्वनी दोन्ही हाताने फिल्मवर रेखाटले होते. तेथे आकार निवडण्याची मोकळीक होती. ‘सिन्क्रोमी’त संगीत ठरले की आकारही ठरले. तरीही रेघांचे स्तंभ किती, कोठे आणि कोणत्या रंगात, हे ध्वनी सांगत नाही. आरंभी मोजकेच दिसणारे स्तंभ पुढे पडदा व्यापतात. रंग बदलतात ते संगीताच्या वाक्याबरोबर. चित्रपटाची कला या निवडीत आहे, तंत्राच्या अचूकपणात नाही.

उणीव आहे ती संगीतात. चाल खेळकर आहे, पण नादाचा पोत सतत एकच राहतो, त्यामुळे डोळ्यांच्या आधी कान थकतात. ध्वनी आणि चित्र एकच झाले तरी दोहोंची गोडी सारखी राहत नाही, हा या प्रयोगाचा खरा धडा होय.

वर्गात हा लघुपट प्रथम आवाज बंद करून दाखवावा, नंतर आवाजासह. ‘यंत्राने काय ठरविले आणि माणसाने काय?’ हा प्रश्न मग विद्यार्थ्यांपुढे ठेवावा. संगणकाच्या पडद्यावर गाण्याबरोबर आपोआप नाचणाऱ्या आकृत्या पाहणाऱ्या पिढीला तो विचारणे अगत्याचे आहे.