सोळा घरांचा ठेका

१९९७ च्या डिसेंबरात बेल्जियममधील इमेज-लाइन या कंपनीने ‘फ्रूटीलूप्स’ प्रथम बाहेर आणले, तेव्हा ते तालाचे तुकडे जुळविण्याचे एक साधे साधन होते. पुढे त्यात स्वरनिर्मितीची वाद्ये, ध्वनिमुद्रण व मिश्रण यांची भर पडत गेली, २००३ मध्ये त्याचे ‘एफएल स्टुडिओ’ असे नामांतर झाले, आणि ज्या कामासाठी पूर्वी मोठ्या शहरातील स्टुडिओचे भाडे मोजावे लागे, ते काम बेळगाव-निपाणीकडचा तरुण आपल्या माडीवरच्या संगणकावर करू लागला. कलेच्या क्षेत्रात सामान्य घरांना मिळालेली ही सनदच होय. ज्या मुलखावरील महाराष्ट्र-कर्नाटक सीमावादाचा दावा २००४ पासून सर्वोच्च न्यायालयाच्या दप्तरी आहे, त्या मुलखात शिवरायांवरील मराठी गीत आणि कन्नड जानपद गीत मिरवणुकीत एकाच ठेक्यावर वाजते, हे या साधनाचे लहान कर्तृत्व नव्हे.

परंतु तो ठेका कोणता? पडद्यावर प्रत्येक वाद्यापुढे सोळा घरांची ओळ असते. पहिल्या, पाचव्या, नवव्या व तेराव्या घरात ‘किक’ भरली की डीजेचा ठोका सिद्ध होतो. सोळा मात्रा आमच्या तीनतालालाही आहेत. पण तेथे नवव्या मात्रेवर खाली येते, भार उचलला जातो, आणि त्या रितेपणामुळेच सम पुन्हा हवीशी वाटते. घरांतील चारही ठोके मात्र एकाच वजनाचे. हलगीचा प्रकार तर याहून सूक्ष्म आहे: वादक चामडे जाळावर शेकून चढवितो, ते निवत गेले की नाद उतरतो, आणि उजव्या हातातील टिपरू व डाव्या हातातील बारीक काडी यांच्या आघातांतील अंतर लेझीम खेळणाऱ्यांच्या पावलांबरोबर किंचित मागेपुढे होत राहते. लूपमधील, म्हणजे पुनःपुन्हा वाजणाऱ्या तयार तुकड्यातील, हलगी या सर्व व्यवहाराला पारखी असते. सहा मात्रांच्या चालीची गाणी चाराच्या पटीत दामटून बसविली जातात, तेव्हा तर जिवाला क्लेश होतात.

दोष साधनाचा नव्हे. लय झुलविण्याची, प्रत्येक आघाताचे वजन बदलण्याची, स्वरावरून स्वरावर घसरत जाण्याची तजवीज त्यात आहेच. चरणजित सिंग यांनी १९८२ मध्ये रोलँड कंपनीच्या टीबी-३०३ व टीआर-८०८ या सोळा घरांच्याच यंत्रांच्या साथीने दहा रागांची तबकडी काढली. तीच यंत्रे स्वीडनच्या प्रॉपेलरहेडने १९९७ मध्ये ‘रीबर्थ’ या नावाने संगणकात उतरविली. म्हणजे सोळा घरांच्या यंत्राशी रागाचे वैर नाही, हे ती यंत्रे संगणकात येण्यापूर्वी पंधरा वर्षे मुंबईच्याच एका वादकाने दाखवून दिले होते. आमच्याकडे मात्र तयार लूप विकत वा उसने घेण्याची सवय जडली, आणि त्या सवयीचा अंमल आज वाद्यांवर, चालींवर, किंबहुना श्रोत्यांच्या कानांवरही बसला आहे.

याच बेळगाव जिल्ह्यात, सुळेभावीस, १९२४ साली जन्मलेल्या कुमार गंधर्वांनी माळव्यातील लोकधुना ऐकून, टिपून, त्यांतून नवे राग सिद्ध केले. डीजेच्या गाड्यांसाठी ठेके बांधणाऱ्या आमच्या तरुणांनीही आधी आपल्याच गावचा हलगीवाला, सनईवाला आणि करडी मजल या ढोलवादनाचा ताफा मुद्रित करावा, तयार लूपऐवजी तो नाद घरांत भरावा, आणि त्या वादकांना त्याचा मोबदला द्यावा.