निर्वासितांचे दावे व त्यांचे कागद

पूर्व पंजाबांतील खेड्यांत निर्वासितांस वसविण्याचें काम ज्या अधिकाऱ्यांनीं चालविलें, त्यांपैकीं मोहिंदरसिंग रंधावा यांनीं त्याचा वृत्तान्त ‘आउट ऑफ दि ॲशेस’ या इंग्रजी ग्रंथांत १९५४ सालीं दिला. लेखक स्वतः कर्ते असल्यानें ग्रंथास अव्वल साधनाची किंमत आहे. परंतु तें साधन देणाऱ्याच्या बाजूचें आहे, हें ध्यानीं ठेवूनच तें वाचलें पाहिजे.

प्रथम प्रत्येक शेतकरी कुटुंबास, मागील मालकी न पाहतां, तात्पुरती १० एकर जमीन मिळाली. मार्च १९४८ पासून मालकीचे दावे मागविले गेले. महिन्याभरांत पांच लाखांहून अधिक आले. मागें राहिलेली जमीन सुमारें ६७ लक्ष एकर, वांटावयास मिळालेली सुमारें ४७ लक्ष. हा मेळ घालण्यासाठीं तरलोकसिंग यांनीं एकरीं १० ते ११ मण गहूं देणारी जमीन हा ‘प्रमाण एकर’ ठरविला, आणि मालकी जितकी मोठी तितकी काटछाट अधिक लावली: १० एकरांपर्यंत चतुर्थांश, ५०० एकरांवरील भागास शेंकडा ९५. जमिनीमागोमाग खेड्यांतील घरेंही वांटलीं गेलीं. नोव्हेंबर १९४९ पर्यंत सुमारें अडीच लक्ष वांटण्या झाल्या. हें काम थोर होतें, यांत शंका नाहीं.

दाव्यांची पारख एकाच गांवच्या निर्वासितांच्या उघड्या सभेंत होई. खोटें ठरल्यास जमीन कमी होई. गोतसभेचे महजर वाचलेल्यांस ही रीत परकी वाटणार नाहीं. आणि महजरांतला दोषही येथें आहेच. साक्ष मालकीची निघते; दुसऱ्याची जमीन कसणारें कूळ त्या हिशोबांत मालक म्हणून उतरत नाहीं. पहिल्या वर्षीं गरज पाहून दिलें, पुढें हक्क पाहून. या बदलांत कोणाचें काय गेलें, हा प्रश्न आमच्या मतें या साऱ्या वृत्तान्ताचा गाभा आहे, आणि अधिकाऱ्याच्या लेखणींतून त्याचें पूर्ण उत्तर मिळण्यासारखें नाहीं.

तें मूळ दाव्यांतच शोधावें लागेल. पाकिस्तानांतून जमाबंदीच्या नकला आल्यावर दावे त्यांशीं ताडून पाहण्यांत आले. म्हणजे एकाच शेताविषयीं स्मरणाची व दप्तराची अशा दोन साक्षी उत्पन्न झाल्या. त्या जेथें जुळत नाहींत, तेथेंच इतिहास आहे. जुन्या सनदांइतक्याच आस्थेनें हे कागदही जपले जावेत, एवढेंच आमचें मागणें आहे.