'ताकाहातांची शैली' म्हणजे नक्की कोणाची?

आराखड्यात 'अमुक दिग्दर्शकाची शैली' असा विषय लिहायला दोन मिनिटं लागतात. 'ती त्याचीच कशावरून?' हा प्रश्न आला की गाडी अडते. म्हणून आज एक अवघड उदाहरण घेऊ: जपानचे इसाओ ताकाहाता.

अवघड अशासाठी, की हे ॲनिमेशनचे दिग्दर्शक, पण चित्रकार नव्हेत. फ्रेंच साहित्य शिकून १९५९ साली ते तोएईच्या ॲनिमेशन स्टुडिओत लागले. १९७४ ची त्यांची 'हायडी' ५२ भागांची. त्यात पात्रांची रचना योइची कोताबेंची, दृश्यांचे लेआउट हायाओ मियाझाकींचे, काही स्टोरीबोर्ड योशियुकी तोमिनोंचे. मग डोंगरावरचा तो निवांतपणा कोणाच्या नावावर लिहायचा?

बरेच जण इथे पळवाट काढतात. १९८५ ला घिबली स्टुडिओ निघाला, त्याआधीचं टीव्हीचं काम म्हणजे त्याची 'पूर्वतयारी', असं म्हणून मोकळे होतात. हे शेवट माहीत असल्यामुळे उलटं वाचणं झालं. १९७४ मध्ये पुढच्या रविवारचा भाग वेळेत पूर्ण करणाऱ्या माणसांना घिबली माहीत नव्हतं.

यापेक्षा बरी वाट त्यांच्या कामातच आहे. १९७९ च्या 'अ‍ॅन'चे ५० भाग आहेत. पहिल्या १५ भागांचे लेआउट मियाझाकींचे. नंतर ते मालिका सोडून गेले. म्हणजे दिग्दर्शक तोच, लेआउट करणारा बदलला. संशोधकाला अशी आयती तुलना क्वचितच मिळते. १५ व्या भागाच्या अलीकडे-पलीकडे पाहा. चौकटीत फरक जाणवेल, पण एक गोष्ट टिकते: मालिका अ‍ॅनची वकिली करत नाही. तिच्या बडबडीचं हसू येऊ देते आणि मारिलाचंही म्हणणं ऐकून घेते.

थांबा, हे मूळ कादंबरीतून आलं असेल तर? शंका रास्त आहे, कारण माँटगोमेरींच्या कादंबरीतही हा मिश्कीलपणा आहेच. म्हणून १९७६ ची 'मार्को' घ्या. तिचा आधार दे आमिचिसच्या पुस्तकातली एक छोटी गोष्ट, तिचे ५२ भाग केले. म्हणजे बराच मजकूर नव्याने रचावा लागला. तिथेही मार्को हट्टी आणि मानी आहे, आणि मोठ्यांना स्वतःच्या अडचणी आहेत. 'मार्को'त मियाझाकी आहेत पण आधाराला कादंबरी नाही. 'अ‍ॅन'च्या उत्तरार्धात कादंबरी आहे पण मियाझाकी नाहीत. दोन्हीकडे जे उरतं, त्यावर ताकाहातांचा दावा त्यातल्या त्यात बळकट. दावा छोटा झाला, पण व्हायवात टिकेल असा झाला.

हा संयम सगळीकडे सारखा फळत नाही, हेही लिहायला हवं. 'अ‍ॅन'मध्ये तो पात्रांना वाढायला वेळ देतो. 'मार्को'त अर्जेंटिनातल्या शोधात, आई पुढच्या गावी गेल्याचं पुन्हापुन्हा कळतं, तेव्हा तोच संयम रेंगाळतो असं माझं मत आहे. दिग्दर्शक आवडता असला की हे नोंदवायचं राहून जातं.

एवढा खटाटोप कशाला? कारण एका नावाखाली सगळं टाकलं की कोताबे, तोमिनो आणि दर आठवड्याला चित्रं काढणारे कितीतरी हात प्रबंधातून गायब होतात. तुमच्या विषयात 'शैली' शब्द असेल, तर आधी प्रत्येक भागाची श्रेयनामावली उतरवून काढा. कंटाळवाणं काम आहे, पण तुमचा खरा प्रश्न बहुधा तिथेच सापडेल.