रूम कोण बनवतंय?

‘अमंग अस’चा सामना सुरू होण्याआधी सगळे खेळाडू एका छोट्या यानाच्या पोटात जमतात. रंगीत अंतराळवेषातली ती ठेंगणी माणसं उगाच इकडून तिकडे पळतात, कुणी डोक्यावर नवी टोपी चढवतं, कुणी लाल रंग आधी मीच धरला होता म्हणून भांडतं. तिथेच एक लॅपटॉप ठेवलेला असतो. बाकीच्यांना तो उघडून फक्त स्वतःचा अवतार बदलता येतो; रूम ज्याने बनवली, म्हणजे होस्टला, त्यातून खेळाचे नियम बदलता येतात. हा खेळ गाजला त्या 2020 साली नियमांची यादी पडद्याच्या कडेला बारीक पांढऱ्या अक्षरांत सगळ्यांना दिसायची. फारसं कुणी वाचायचं नाही. ‘स्टार्ट कर ना’ हाच घोशा चाललेला असायचा.

मला मात्र ती यादी वाचण्याजोगी वाटते, एखादी चांगली कथा वाचावी तशी. तिच्यात आकडे आणि ‘ऑन-ऑफ’ यांखेरीज काही नाही. पण त्या आकड्यांतून होस्ट एकच गोष्ट ठरवत असतो: आज या यानात कुणाला किती कळू द्यायचं. खेळ सगळ्यांना एकच मिळतो, तो रंगतो की नाही हे या यादीवर ठरतं, आणि तिचं श्रेय होस्टला कुणी देत नाही.

खेळ ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: बहुतेक जण क्रूमेट, एक ते तीन इम्पोस्टर. क्रूमेटांनी यानातली बारीकसारीक कामं उरकायची, तारा जोडायच्या, कचरा टाकायचा, कार्ड स्वाइप करायचं. इम्पोस्टरांनी कामाचं सोंग आणायचं आणि एकेकाला गाठून मारायचं. मृतदेह सापडला की सभा भरते, वादावादी होते, मतदान होतं आणि कुणाला तरी अवकाशात फेकून दिलं जातं. तो दोषी असेलच असं नाही.

या जातीचे खेळ जुने आहेत. आपल्या चार चिठ्ठ्यांच्या राजा-मंत्री-चोर-शिपाईत मंत्र्याने उरलेल्या दोघांतून चोर ओळखायचा असतो; तिथे संशयाला वाव तो किती! वाव दिला तो ‘माफिया’ने. हा खेळ 1986 च्या सुमारास मॉस्को विद्यापीठात मानसशास्त्राचा विद्यार्थी असलेल्या दिमित्री दाविदोव्हने बसवला. रात्र झाली की सगळ्यांनी डोळे मिटायचे, माफियांनी तेवढे उघडायचे, आणि एका सूत्रधाराने हे सारं बघत खेळ पुढे न्यायचा. सूत्रधाराला सगळं ठाऊक, म्हणून त्याला खेळता येत नाही. दर वेळी कुणीतरी एक जण असा बळी जायचा.

अमेरिकेतल्या इनरस्लॉथ या अगदी छोट्या कंपनीने जून 2018 मध्ये ‘अमंग अस’ आणला तेव्हा या सूत्रधाराचे दोन तुकडे झाले. गुपित राखायचं काम यंत्राकडे गेलं आणि नियम ठरवायचं काम होस्टकडे राहिलं. म्हणजे सगळी मांडामांड करूनही होस्टला काहीच ठाऊक नसतं. इम्पोस्टर कोण ते त्यालाही इतरांबरोबरच कळतं, किंवा कळत नाही. पहिल्या मिनिटाला त्याचाच मुडदा पडू शकतो, मग स्वतः आखलेल्या खेळात तो भूत होऊन भिंतींतून आरपार तरंगत राहतो आणि उरलेली कामं निमूटपणे पुरी करतो.

आता यादीतली एक ओळ जवळून पाहू. ‘कन्फर्म इजेक्ट्स’. ही चालू असेल तर बाहेर फेकलेला माणूस काळ्या आकाशात गिरक्या घेत जाताना खाली अक्षरं उमटतात: हा इम्पोस्टर नव्हता, अजून दोन शिल्लक आहेत. बंद असेल तर एवढंच: अमुक बाहेर फेकला गेला.

दहा जणांची रूम घ्या, इम्पोस्टर दोन. इम्पोस्टर आणि क्रूमेट यांची संख्या सारखी झाली की इम्पोस्टर जिंकतात. आतापर्यंत तिघे मारले गेले, दोघांना मतदानाने फेकलं, पाच उरले. फेकलेले दोघेही इम्पोस्टर असते तर खेळ केव्हाच संपला असता. म्हणजे या पाचांत एक इम्पोस्टर आहे किंवा दोन. दोन असतील तर आज मत न देता सभा मोडणं म्हणजे मरण. पुढचा खून झाला की दोनास दोन, खेळ खल्लास. एकच असेल तर उलट: न देणं परवडतं, घाईने चुकीच्या माणसाला फेकणं महागात पडतं. ही ओळ चालू असेल तर आपण कुठल्या परिस्थितीत आहोत हे पाचही जणांना माहीत असतं. बंद असेल तर, क्रूमेट असेल त्याला, आधी दोन सभांमध्ये आपण काय केलं हेच कळलेलं नसतं, आणि त्याच न कळलेल्या निवाड्यांवर तिसरा निवाडा करायचा असतो.

अशा वेळी कुणीतरी शांत आवाजात म्हणतं, ‘अरे, खात्री नसताना उगाच कुणाला कशाला फेकायचं? स्किप करू या.’ किती समंजस वाक्य! दोन इम्पोस्टर उरले असतील तर त्यांना याहून सोयीचं वाक्य नाही, आणि एकच उरला असेल तर प्रामाणिक माणूसही अगदी हेच बोलेल. होस्टने फक्त एक टिकमार्क काढून टाकली, आणि समजूतदारपणाचा संशय येऊ लागला. मी ही ओळ नेहमी बंदच ठेवीन.

‘व्हिज्युअल टास्क्स’ची ओळ सरळ आहे. मेडबेमध्ये स्कॅनसाठी उभं राहिलं की अंगाभोवती हिरवा प्रकाश फिरतो. इम्पोस्टरला तो आणता येत नाही. त्यामुळे कुणी एकाने जरी पाहिलं तरी स्कॅन करणारा सामनाभर धुतल्या तांदळासारखा ठरतो, आणि मग त्याच्यामागे सगळ्यांनी रांग लावायची. यात मजा नाही. ही सोय बंद केली की स्कॅन करणारा काम खरंच करत असतो, पण दुसऱ्याला काहीच दिसत नाही. ‘मी केलं’ हा नुसता शब्द उरतो. लहान मुलं खेळणार असतील तर चालू ठेवावी, त्यांना पुराव्याचा आनंद वेगळाच असतो.

पण कच्चा होस्ट हे बंद करतो आणि टास्क बार विसरतो. वरचा हिरवा पट्टा कुणाचंही काम पुरं झालं की पुढे सरकतो. इम्पोस्टर एखाद्या यंत्रापाशी अंदाजाने थोडा वेळ उभा राहून निघतो, आणि दारातून बघणाऱ्या चाणाक्ष क्रूमेटला दिसतं की तो हलला पण पट्टा हलला नाही. संपलं. पुढचं दार लावून मागचं उघडं ठेवायचं, तसा प्रकार. पट्टा फक्त सभेच्या वेळी पुढे जाईल असा पर्याय यादीत आहे. जाणता होस्ट तो घेतो, आणि या दोन ओळींचं एकमेकींशी नातं आहे हे त्याला उमगलंय एवढं त्यावरून ओळखता येतं.

वेग, मारण्याचं अंतर वगैरे ओळी रुचीचा प्रश्न आहेत. वेळेच्या ओळी तशा नाहीत. चर्चेचे सेकंद म्हणजे सभा भरल्यावर मतदान सुरू होईपर्यंतचा काळ. हे सेकंद कमी ठेवले की ज्याची जीभ आधी सुटते त्याचं म्हणणं खरं ठरतं. लॉकडाउनमध्ये एक भाऊ पुण्यात, एक बहीण न्यू जर्सीत, कुणी दुबईत अशा रूम भरत. कोड व्हॉट्सअ‍ॅपवर यायचा, आणि कुणाचा तरी रीजन ‘युरोप’वर राहिल्याने ‘कोड चालत नाहीये’ हे गाऱ्हाणं त्यामागोमाग यायचं. बोलायला कॉल नसेल तर रोमन अक्षरांत मराठी बडवायची: कुठे होतास, इलेक्ट्रिकलमध्ये कोण होतं, मी वायरिंग करत होते. ज्या काकूंचं एक वाक्य टाइप होईपर्यंत तिघांनी मत देऊन टाकलेलं असतं, त्या दुसऱ्या सभेनंतर बोलायचंच सोडून देतात. तिथे होस्टने चर्चेला 45 सेकंद ठेवले की खेळ संथ होतो, अशी तक्रार तरबेज मंडळी करतात. करू द्यावी. काकूंनी काय पाहिलं हे ऐकल्याशिवाय मतदान कसलं?

होस्टचं निम्मं काम तर यादीत नसतंच. कॉलवर खेळताना सामन्यात सगळ्यांनी म्यूट, सभेत तेवढं बोलायचं, मेलेल्याने तर ‘अरे यार’सुद्धा म्हणायचं नाही, कारण त्या दोन शब्दांवरून खून आत्ता झाला हे कळतं. हे नियम यंत्र पाळून घेत नाही; ते होस्टला सांगावे लागतात, आणि एखाद्याला रूममधून काढून टाकायचा अधिकार असूनही बहुधा समजुतीनेच पाळून घ्यावे लागतात.

या अलिखित कामाचा सगळ्यांत सुंदर नमुना म्हणजे लपाछपी. होस्टांनी यादीतले आकडे अशा टोकाला नेले की खेळ ओळखू येईना. इम्पोस्टरची नजर तोकडी, क्रूमेटांची लांब, मारण्याचं अंतर कमीत कमी, दोन खुनांमधला कूलडाउन 10 सेकंदांवर. आणि सुरुवातीलाच इम्पोस्टरने जाहीर करायचं: राज्य माझ्यावर. ज्या खेळाचा जीवच संशय, त्यातून संशय काढून टाकला, आणि उरलेलंही खेळण्याजोगं निघालं. अडचण एकच होती. आणीबाणीच्या सभा यादीतून शून्य करता येत, पण मृतदेह दिसला की पेटणारं रिपोर्टचं बटण कुठल्याच आकड्याने विझत नसे. ते दाबायचं नाही, हे नुसत्या शब्दावर. मागे इम्पोस्टर लागलेला, वाटेत मित्राचा मुडदा, अंगठ्याखाली लाल बटण, आणि तरीही पळत पुढे जायचं! डिसेंबर 2022 मध्ये कंपनीने लपाछपी हा अधिकृत प्रकार म्हणून खेळात आणला. तो नीटनेटका आहे. त्यात रिपोर्टचा प्रश्नच येत नाही, त्यामुळे शब्द पाळण्याचाही येत नाही. मला जुगाडाची लपाछपी जास्त आवडते.

2021 च्या जूनमध्ये रूम 15 जणांची झाली. सभेत निम्मे लोक मुके राहतात, त्याबद्दल न बोललेलंच बरं. त्याच वर्षी नोव्हेंबरात आलेल्या भूमिका मात्र यादीत खरी भर घालतात. आधी व्हेंटमधून, म्हणजे यानातल्या हवेच्या बोगद्यातून, बाहेर पडताना दिसला तो इम्पोस्टर, यावर वाद नव्हता. मग इंजिनिअर आला. तो क्रूमेट असून व्हेंट वापरतो. शेपशिफ्टर दुसऱ्याचं रूप घेतो, म्हणजे ‘मी डोळ्यांनी पाहिलं’ हेही लंगडं झालं. आणि होस्टसमोर प्रत्येक भूमिकेपुढे दोन रकाने: किती जण, आणि शक्यता किती टक्के. इंजिनिअर एक, शक्यता 50 टक्के असं लिहून ठेवलं की या सामन्यात इंजिनिअर आहे की नाही हेच कुणाला सांगता येत नाही. व्हेंटमधून निघताना पकडलेला माणूस म्हणतो, ‘मी इंजिनिअर आहे.’ असेलही. 100 टक्के लिहिलं असतं तर दुसरा कुणी उठून ‘इंजिनिअर तर मी आहे’ म्हणाला असता आणि प्रकरण तिथेच मिटलं असतं.

सामना संपला की सगळी मंडळी त्याच कोडवर परत त्या छोट्या यानात येतात, आणि मगाचचा खटला तिथे पुन्हा उभा राहतो. ‘तू मला वाचवायला हवं होतंस’, ‘तुझं मत कुणाला होतं ते सांग आधी’. याच गोंगाटात होस्टकडे अर्ज येतात: नजर वाढव, सभा कमी कर, कूलडाउन फार कमी वाटतोय. कूलडाउन अडीच-अडीच सेकंदांनी सरकतो, आणि त्या अडीच सेकंदांवरून मतदानाइतकीच खडाजंगी होते. त्यातून मागच्या खेपेला इम्पोस्टर म्हणून हरलेला होस्ट स्वतःहून कूलडाउन कमी करायला गेला, तर स्टार्ट दाबायच्या आधीच पहिला संशय त्याच्यावर.