आज्ञा आणि प्रश्न

तत्त्वज्ञान शिकवण्यात हयात घालवलेल्या माणसाने राजदरबारातल्या प्रेमप्रकरणावर काय बोलावं, असं काहींना वाटेल. पण यू हा या दिग्दर्शकाचा २००८ सालचा कोरियन चित्रपट ‘अ फ्रोझन फ्लॉवर’ पाहिल्यावर आम्हाला राहवेना. लोक त्याला प्रेमाचा त्रिकोण म्हणतात. आम्हाला त्यात वेगळंच काही दिसलं.

काळ चौदाव्या शतकाचा. कोरियातलं गोर्यो राज्य युआन, म्हणजे चीनवर सत्ता गाजवणाऱ्या मंगोल साम्राज्याच्या दडपणाखाली आहे. राणी युआनची राजकन्या. गादीला वारस नाही, आणि वारस नाही म्हणजे युआनला हात घालायला आयती जागा. राजाचं मन आहे ते होंग-लिम या अंगरक्षकांच्या प्रमुखात. मग राजा होंग-लिमलाच हुकूम करतो: राणीला मूल दे.

आपल्याला इथे महाभारतातला नियोग आठवतो. तिथेही अंबिकेला कुणी विचारलं नव्हतं. तिने डोळे मिटून घेतले. इथे मात्र उलटं होतं. हुकमाने जवळ आणलेली दोन माणसं खरोखरच एकमेकांत गुंततात. राजाला वाटलं होतं की शरीर आज्ञेवर चालेल आणि मन जागेवर राहील. कान्ट सांगतो, माणसाला केवळ साधन म्हणून वापरू नका. राजाने दोघांना साधन केलं, आणि त्या साधनांना मन फुटलं. पुढचं सगळं, मत्सर, होंग-लिमचं खच्चीकरण, गुपित ठाऊक असणाऱ्यांच्या हत्या, हे त्याच एका चुकीचं व्याज आहे.

आता शेवट बघा. तलवारी चालल्यात, राजा मरणाच्या दारात आहे, आणि तो होंग-लिमला विचारतो, तुला माझ्याबद्दल कधी प्रेम वाटलं का? आमच्या मते सगळा चित्रपट इथे उभा आहे. आयुष्यभर आज्ञा देणारा माणूस पहिल्यांदा मनातलं विचारतोय. होंग-लिम म्हणतो, नाही. लहानपणापासून राजवाड्यात वाढलेल्या या माणसाच्या ‘हो’ला आजवर किंमत नव्हती, कारण ‘नाही’ म्हणायची सोयच नव्हती. पण मरताना तोच होंग-लिम मान वळवून राजाकडे पाहतो. मग ते ‘नाही’ खरं होतं का? दिग्दर्शक सांगत नाही, आणि ते बरं करतो.

दोष आहेतच. शृंगाराची दृश्यं लांबतात आणि दरबारातलं कारस्थान पातळ राहतं. मोठा दोष म्हणजे, राणीला कुणीच काही विचारत नाही, चित्रपटसुद्धा नाही. सोंग जी-ह्योच्या डोळ्यांत जे दिसतं, त्याला पटकथेत शब्द मिळालेले नाहीत.

इतिहासाचंही थोडं सांगतो. राजाच्या मागे गोंगमिन हा खरा राजा आहे. त्याची कारकीर्द १३५१ ते १३७४. १३५६ मध्ये त्याने युआनधार्जिण्या सरदारांचा काटा काढला. त्याची मंगोल राणी नोगुक १३६५ मध्ये बाळंतपणात गेली आणि तो खचला, असं इतिहास सांगतो. शेवटी त्याच्याच रक्षकांपैकी काहींनी त्याला मारलं. रक्षकांना राण्यांकडे धाडल्याची हकीकत येते ‘गोर्योसा’ या ग्रंथात. पण तो पूर्ण झाला १४५१ मध्ये, गोर्यो बुडवणाऱ्या जोसॉन घराण्याच्या दरबारात. जिंकणाऱ्याने हरलेल्याच्या शेजघराबद्दल लिहिलेलं जपूनच वाचावं. चित्रपटाने ती बदनामी उचलली आणि नोगुकवरचं प्रेम सोडून दिलं. कलावंताला तेवढी मुभा आहे, पण आपण दोन्ही लक्षात ठेवावं.

तर जाता जाता एवढंच. ज्यांच्यावर आपली सत्ता चालते, मग ती मुलं असोत, विद्यार्थी असोत की घरातली माणसं, त्यांना आपण शेवटचं खरोखर कधी विचारलं होतं? आणि ‘नाही’ ऐकायची आपली तयारी होती का? आम्ही स्वतःला विचारून पाहिलं. उत्तर फारसं सुखाचं नव्हतं.