बस्टर कीटन : स्वातंत्र्य आणि स्वामित्व

मूकपटाच्या काळातील थोर विनोदी नट बस्टर कीटन (१८९५–१९६६) याच्या कारकीर्दीविषयी एक समजूत रूढ आहे : बोलपट आला आणि त्याच्या अबोल कलेचा अस्त झाला. ही समजूत सोयीची आहे. पण कालक्रम तिला साथ देत नाही.

कीटनचा विनोद चेहऱ्यावर नव्हे, घटनेवर उभा असतो. ‘स्टीमबोट बिल, ज्युनिअर’ (१९२८) या चित्रपटात घराची दर्शनी भिंत त्याच्या अंगावर कोसळते आणि माळ्याची उघडी खिडकी नेमकी त्याच्यावरून उतरल्यामुळे तो वाचतो. कॅमेरा दूर आणि स्थिर असतो. भिंत खरी, धोकाही खरा. घडले ते सलग दिसले नसते, तर येथे हसू आलेच नसते. चेहरा निर्विकार ठेवण्याचे मर्मही हेच. ज्याला संकटाचा हिशेब करायचा आहे, त्याला शोक करायला सवड नसते.

अशा विनोदाला विशिष्ट कार्यपद्धती लागते. १९२० पासून कीटनच्या चमूजवळ बांधीव पटकथा नसे. आरंभ आणि शेवट ठरला की मधला भाग चित्रण करता करता सापडे. एखादी युक्ती फसली, तर ती टाकून देण्याची मुभा असे. म्हणून स्वातंत्र्य ही त्याच्या कलेची चैन नव्हती. ते तिचे द्रव्यच होते.

मात्र हे स्वातंत्र्य त्याच्या मालकीचे नव्हते. कंपनी निर्माता जोसेफ स्केंक याच्या हाती होती. खर्चिक ‘द जनरल’ (१९२६) अपेक्षेइतका चालला नाही आणि १९२८ मध्ये कीटन मेट्रो-गोल्डविन-मेयर या बड्या संस्थेत गेला. तेथला पहिला चित्रपट, ‘द कॅमेरामन’, मूकच होता आणि उत्तमही होता. पुढे मात्र आधी लिहून मंजूर झालेले प्रसंग आणि शाब्दिक कोट्या त्याच्या वाट्याला आल्या. त्या बोलपटांना प्रेक्षक लाभले. त्यांत हरवला तो कीटन. मद्यपान वाढले आणि १९३३ मध्ये संस्थेने त्याला दूर केले. १९६० च्या आत्मचरित्रात त्याने या कराराला आयुष्यातील सर्वांत मोठी चूक म्हटले.

चॅप्लिनशी तुलना केली, तर प्रश्न स्पष्ट होतो. बोलपट सर्वत्र रुजल्यावरही त्याने ‘सिटी लाइट्स’ (१९३१) आणि ‘मॉडर्न टाइम्स’ (१९३६) जवळजवळ संवादांविना काढले, कारण स्टुडिओ त्याचा स्वतःचा होता. त्याची प्रतिभा कीटनपेक्षा मोठी होती की नव्हती, हा वाद येथे गौण ठरतो.

१९६५ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात प्रेक्षकांनी उभे राहून कीटनचा जयजयकार केला. तो गौरव खरा होता; पण त्याने गेलेली वर्षे परत आली नाहीत. कलावंताला मिळालेली मोकळीक आणि त्याच्या हक्काची मोकळीक यांत किती अंतर असते, हे मोजण्यास ही एक कारकीर्द पुरेशी आहे.